बेस नावाची घोडी

आज सकाळी गवार निवडत बसले होते, तेव्हा कानात वाश्ती बन्यान लावली. भाजी निवडून झाली तरी मी तशीच बसून होते.

ही इंग्लंडची गायिका, जन्म 1945 चा. 1965 मध्ये पहिली रेकॉर्ड निघाली, गाणं रोलिंग स्टोन्स या रॉक बँडच्या जॅगर-रिचर्ड्सनी लिहिलेलं. ते काही चाललं नाही. मग 1968 साली ती जोडीदाराबरोबर घोडागाडीतून लंडनहून निघाली ती थेट स्कॉटलंडच्या बेटांकडे! घोडीचं नाव बेस. गायक डोनोव्हनने स्काय बेटाजवळ घेतलेल्या जागेवर कलाकारांची वस्ती होणार होती, तिकडे जायचं होतं. वाटेत वर्षाहून जास्त काळ गेला. पोचेपर्यंत ती वस्ती पांगलेली. पण वाटेवर गाणी झाली होती. चूल, पाऊस, कुरणं, दिवेलागण, सगळं त्यात आहे.

‘जस्ट अनदर डायमंड डे’ हा अल्बम 1970 मध्ये आला. निर्माता जो बॉइड. फार कुणी विकत घेतला नाही. तिने गाणंच सोडलं, मुलं वाढवली. तब्बल तीस वर्षं! माझा जीव इथेच अडकतो. इतका हळुवार आवाज, जवळजवळ अंगाईसारखा, आणि तो गप्प.

2000 मध्ये अल्बम पुन्हा निघाला, तरुण गायकांनी तो डोक्यावर घेतला. 2005 मध्ये तिचा दुसरा अल्बम आला. वयाच्या साठाव्या वर्षी! तो लावला तर आवाज तसाच, दवासारखा.

संध्याकाळी आईला ऐकवलं. शब्द कळले नाहीत तिला. म्हणाली, “परत लाव गं.”