गोल्डन शॉवेल मराठीत : दुसऱ्या फेरीची नोंद

गोल्डन शॉवेल हा कवितेचा प्रकार आम्ही मराठीत करून पाहतोय. त्यातली म्हणींवरची पहिली फेरी आटोपली. दुसरी, शब्द फोडण्याची, चालू आहे. नव्याने येणाऱ्यांसाठी नियम आधी. दुसऱ्या कवीची एखादी ओळ किंवा अख्खी छोटी कविता घ्यायची, तिचा एकेक शब्द क्रमाने आपल्या एकेका ओळीच्या शेवटी बसवायचा आणि शीर्षकाखाली मूळ कवीचं नाव द्यायचं. उजव्या कडेने वरून खाली वाचलं की मूळ मजकूर जसाच्या तसा मिळाला पाहिजे.

प्रकार अमेरिकी कवी टेरन्स हेजचा. २०१०च्या ‘लाइटहेड’ संग्रहात त्याने कवयित्री ग्वेंडोलिन ब्रूक्सची पूल (बिलियर्ड्ससारखा खेळ) खेळणाऱ्या सात पोरांवरची कविता अशी कडेला लावली. त्या पोरांचा अड्डा ‘गोल्डन शॉवेल’, तेच नाव प्रकाराला चिकटलं. ब्रूक्सची कविता २४ शब्दांची : तीन-तीन शब्दांची आठ वाक्यं. हेजने ती दोनदा वापरली, ‘१९८१’ आणि ‘१९९१’ अशा दोन भागांत. पहिल्या भागात शब्द शाबूत आहेत. दुसऱ्यात तो ते फोडतो : ‘वी’ हा ‘वीकन्ड’चा (weakened) पहिला तुकडा होतो, ‘कूल’ हा ‘कूलर’चा. ही खोड जुनीच. २००२च्या ‘हिप लॉजिक’मध्ये शीर्षकाच्या अक्षरांतून निघणारे शब्द ओळीअखेर टाकायचा खेळ त्याने केला होता. कॉलेजात तो चित्रकला शिकला. कडेचं भान तिथूनच आलं असावं, हा आमचा तर्क.

मराठीत घोडं अडतं ते क्रियापदावर. आपलं वाक्य क्रियापदावर संपतं, त्यामुळे ओळीच्या टोकाला क्रियापद आलं की ओळ तिथेच बंद होते आणि कविता याद्यांसारखी दिसू लागते. ‘नाचता येईना अंगण वाकडे’मधला ‘येईना’ हा त्यातला सगळ्यांत हट्टी. उपाय एकच : त्याचं वाक्य दोन ओळी आधीपासून सुरू करा, म्हणजे टोकाशी पोचेपर्यंत त्याला वेग आलेला असतो.

नामांची अडचण वेगळी. विभक्ती लागली की शब्द बदलतो, ‘अंगण’चं ‘अंगणा’ होतं, आणि मूळ शब्द मोडला की शॉवेलही मोडलं. ईकारान्त स्त्रीलिंगी नामं मात्र सोन्यासारखी. ‘माती’चं सामान्यरूपही ‘माती’च, म्हणून ओळ ‘माती’वर तोडून पुढची ‘खाली’ने सुरू करता येते. एकट्या प्रत्ययाला मात्र असं खाली ढकलू नका. ओळीच्या सुरुवातीला लोंबणारा ‘त’ केविलवाणा दिसतो.

‘वाकडे’सारखे शब्द पुस्तकी वाटतात, कारण बोलताना आपण ‘वाकडं’ म्हणतो. पुल्लिंगी अनेकवचन जोडा. ‘वाकडे / दात’ कुठेच खटकत नाही.

फोडण्याचा नमुना, ‘अति तेथे माती’वरून :

रस्त्याकडेची टपरी उचलली. अति-
क्रमणवाले गेले, आणि संध्याकाळी तेथे
चहाला आधण आलं, चुलीखाली ओली माती.

‘थेंबे थेंबे तळे साचे’ मात्र अर्धवट पडून आहे. ‘साचे’ला ‘साचेबंद’ मिळालं, ‘तळे’ला तळेगाव. ‘थेंबे’ला काहीच मिळत नाही, आणि तो दोनदा येतो. ओवीच्या भाषेतच लिहायचं ठरवलं तर चालेल, पण मग तळेगाव बाद. ओळ निवडताना तिच्या सौंदर्याला भुलू नका. शब्दांची रूपं तपासा. आशयाने गाजलेल्या ओळी इथे बऱ्याचदा निकामी ठरतात.

समस्यापूर्तीशी, म्हणजे दिलेल्या चरणावरून कविता पुरी करण्याच्या जुन्या खेळाशी, तुलना होणारच. तिथे दिलेला चरण सलग येतो आणि कानाला कळतो. इथे तो उभा विखुरतो, फक्त डोळ्याला दिसतो. म्हणून काव्यवाचनात मूळ ओळ आधी म्हणून दाखवा. मोबाइलवर लांब ओळ दुमडली की टोकाचा शब्द मधेच हरवतो, तेव्हा ओळीत पाच-सहा शब्दांपुढे जाऊ नका. मजकूर डावीकडेच चिकटलेला ठेवा. उजवीकडे ओढला तर सांगाडा आधी दिसतो आणि कविता मागाहून.

तिसऱ्या फेरीला मूळ मजकूर १४ शब्दांचा घ्यायचा, म्हणजे शॉवेल आणि सुनीत (चौदा ओळींची कविता) एकत्र. हेजच्या २०१८च्या संग्रहात ७० सुनीतं आहेत, सगळ्यांचं शीर्षक एकच. आधी त्यातली थोडी वाचून या. सुनीतातला विचार बहुधा नवव्या ओळीला वळतो. हे वळण कसं घ्यायचं ते कडेचा शब्द ठरवणार, त्यामुळे नवव्या जागी ‘पण’, ‘तरी’ किंवा ‘मग’ असलेला मजकूर शोधायला लागा.