कडेची पेन्सिल

परवा दुपारी एका कथाचित्राची मागची बाजू मऊ ब्रशने झाडून झाल्यावर कागद उलटला, तर खालच्या कडेला पेन्सिलीने लिहिलेले दिसले : ‘साडेतीन इंच रुंद, लाइन ब्लॉक, सोमवारी हवा.’ लाइन ब्लॉक म्हणजे रेघांचे चित्र छापायचा ठसा. वर नऊवारीतली स्त्री, हातात पत्र, डोळ्यांत कथेला लागेल तेवढेच पाणी. मला मात्र त्या बाईच्या दुःखापेक्षा चित्रकाराच्या सोमवाराचीच काळजी वाटू लागली.

बडोद्यात चित्र म्हटले की लोक राजवाड्यातला रविवर्मा दाखवतात, नाहीतर १९५० साली सुरू झालेली ललित कला विद्याशाखा. गोष्टीच्या डोक्यावर छापण्यासाठी काढलेल्या चित्राला कोणी विचारत नाही; ब्लॉक तयार झाला की मूळ कागद पुष्कळदा रद्दीतच जाई. जे कागद वाचले, त्यांवर छापील पानात कधीच न आलेल्या गोष्टी सापडतात. ब्लॉकवाल्याच्या कॅमेऱ्याला फिकट निळा रंग दिसत नसे, म्हणून चित्रकार निळ्या पेन्सिलीने निर्धास्त चाचपडत. या बाईला तीन निळ्या हनुवट्या आहेत आणि त्यांतून निवडलेली शाईची एक.

दांडिया बाजारातल्या आमच्या वाड्यात दिवाळी अंक सगळ्या बिऱ्हाडांतून फिरून आजीकडे येई, तोवर त्याची पाने सुटलेली असत. ती गव्हाच्या पिठाची खळ शिजवी, कसर लागू नये म्हणून तीत चिमूटभर मोरचूद टाकी आणि आम्हां मुलांना हात लावू देत नसे. चिकटवता चिकटवता चित्रकारांची हजेरीही घेई. “हिच्या कपाळावर कुंकू बघ! गोष्टीत तर विधवा आहे. आधी वाचतात की नाही हे?” कोणीतरी वाचत असावे. आमच्या संग्रहातल्या एका चित्रात कपाळावर पांढऱ्या रंगाचा थेंबाएवढा उंचवटा आहे आणि दिवा तिरका धरला की त्याखालचे काळे कुंकू अजून कळते.

आजीची ती खळ मोरचूद वगळून आम्हीही वापरतो, कारण मोरचुदातल्या तांब्याने कागद कालांतराने ठिसूळ होतो. खळ पाण्याने सुटते, हा तिचा मोठेपणा. पारदर्शक चिकटपट्टीविषयी मात्र सभ्य भाषेत लिहिणे मला जमत नाही. तिचा डिंक कागदात मुरून तपकिरी होतो, वरची पट्टी वाळून आपोआप गळते आणि डाग तेवढा वारसांना उरतो. त्यातही ती लावणारी माणसे नेहमी प्रेमळच असतात, त्यामुळे रागवायचीही सोय नाही.

स्कॅन करणारा मुलगा दर वेळी विचारतो, “ताई, कडा कापू ना? चित्र स्वच्छ दिसेल.” मी दर वेळी नको म्हणते. पुढे कधीतरी, माझ्या माघारी, तो त्या कापेलही. कापू दे बापडा. मूळ कागद पेटीत आहे आणि पेटीची किल्ली त्याच्याकडे नाही.