नंबरावरची पाटी

अण्णा छत्तीस वर्षं एसटीत ड्रायव्हर होते, त्यातली बरीचशी कराड डेपोला. त्यामुळे आमच्या घरात रस्त्याला नाव नसायचं, पाटी असायची. कोल्हापूर व्हाया कराड म्हणजे गाडी आत स्टँडात येणार. व्हाया नसेल तर कंडक्टर कोल्हापूर नाक्यावर बेल मारणार आणि तुम्ही बॅगा घेऊन हायवेच्या कडेला रिक्षा शोधत उभे. "गाडीचं गाव समोरच्या बाजूला लिवलेलं असतं, पण गाडी कुणासाठी हाय ते व्हायामधी असतं," असं अण्णा म्हणायचे.

२०१९ च्या जूनमध्ये ते पहिल्यांदा अमेरिकेत आले आणि नेमकं त्याच महिन्यात आम्ही न्यू जर्सी राज्यातल्या जर्सी सिटीतून एडिसनला घर बदललं. जर्नल स्क्वेअरजवळची जागा, दुसरा मजला, लिफ्ट नाही. माणसं लावायचे पैसे वाचवायचे म्हणून एक भाड्याचा ट्रक आणि ऑफिसातले तीन मित्र एवढ्यावर भागवलं. गादी जिन्याच्या वळणावर अडकली, तेव्हा ती सोडवली अण्णांनी. खाली उभं राहून, हात न लावता, नुसतं "डावं घे, आता उभी कर, सोड" असं सांगून. गाडी रिव्हर्स घ्यायला लावतात तसं.

मग आम्ही निघालो. बायको आणि लेक आमच्या कारमध्ये, सोबत देव, मिक्सर आणि काचेची भांडी. मी आणि अण्णा ट्रकमध्ये, बाकी सगळा संसार घेऊन. अण्णा माझ्या उजवीकडे बसले, म्हणजे आयुष्यभर ज्या बाजूला बसले त्याच बाजूला, फक्त समोर स्टिअरिंग नव्हतं. गिअरचा दांडाही नाही म्हटल्यावर त्यांनी ट्रककडे असं पाहिलं की मलाच ओशाळल्यासारखं झालं.

जर्नल स्क्वेअरहून एडिसन म्हणजे सरळ हिशोब: टॉनेली सर्कलला या, 'वन अँड नाईन' धरा आणि खाली चालत राहा. यूएस १ आणि यूएस ९ हे दोन वेगळे हायवे आमच्याकडे बरेच मैल एकाच रस्त्यावरून जातात, आणि कितीतरी फलकांवर दोन्ही आकडे एकाच ढालीत, म्हणजे ढालीच्या आकाराच्या नंबराच्या पाटीत, कोंबलेले असतात. पुढे वुडब्रिजला दोघांची फारकत होते. त्यातला यूएस १ म्हणजे फ्लोरिडातल्या की वेस्टपासून थेट मेन राज्याच्या टोकाला, कॅनडाच्या सीमेवरच्या फोर्ट केंटपर्यंत जाणारा, साधारण ३,८०० किलोमीटरचा. १९२६ साली अमेरिकेने हायवेंना नंबर दिले तेव्हा दक्षिणोत्तर रस्त्यांना विषम आकडे दिले आणि मोजणी पूर्व किनाऱ्यापासून सुरू केली, म्हणून हा पहिला. हे मी अण्णांना मोठ्या उत्साहाने सांगत होतो. ते आरशात मागचा ट्रॅफिक बघत होते.

सर्कलपाशी फोनमधल्या बाईने सांगितलं, स्कायवेवर चढा. बायकोची कार पुढे होती, ती चढली. मी तिच्या मागे वळवणार, तेवढ्यात अण्णांचा उजवा पाय खाडकन रिकाम्या पत्र्यावर आपटला. नसलेला ब्रेक त्यांनी दाबला होता.

"हा आपल्याला न्हाई."

ट्रकला बंदी असल्याचा फलक समोर होता. शेजारी दुसरा: तीच ढाल, तेच आकडे, आणि वर एक छोटी आडवी पट्टी, ट्रक. मी तिकडे घेतलं. मागच्याने हॉर्न मारला. देव वरून गेले, आम्ही खालून.

हा स्कायवे म्हणजे पुलास्की स्कायवे. दोन नद्या, हॅकेनसॅक आणि पसॅइक, आणि मधली दलदल एका दमात ओलांडणारा साडेतीन मैलांचा काळा लोखंडी पूल. १९३२ साली थँक्सगिव्हिंगच्या दिवशी सुरू झाला. खालून मोठी जहाजं जावीत म्हणून नद्यांवर तो एकशे पस्तीस फूट उंच उचललाय, त्यामुळे चढ आले. कडेला थांबायला जागा नाही. मध्ये बंद पडलेल्या गाड्यांसाठी एक पट्टा सोडला होता, तर लोक त्याच पट्ट्यातून ओव्हरटेक करायला लागले. चढावर रांगणारे ट्रक, त्यांना टाळून मधून घुसणाऱ्या कार, पुढे काय होणार ते सांगायला नको. दोन वर्षांच्या आत, १९३४ साली, ट्रकना बंदी झाली ती आजतागायत आहे. गंमत बघा: न्यूयॉर्कहून हॉलंड बोगद्यातून येणारी रहदारी सुटसुटीत व्हावी म्हणून वीस दशलक्ष डॉलर घालून रस्ता बांधला, आणि माल वाहणाऱ्यांनाच तिथून उतरवलं. मग त्यांनी जायचं कुठून? स्कायवेच्या आधी जो रस्ता होता, त्यानेच. तो जुना लिंकन हायवे, न्यूयॉर्कहून सॅन फ्रान्सिस्कोला जाणाऱ्या पहिल्या मोटाररस्त्याचा तुकडा. आधी त्याला राज्याचा २५-टी असा नंबर होता. १९५३ साली न्यू जर्सीने रस्त्यांचे आकडे नव्याने लावले तेव्हापासून तो 'ट्रक १-९' झाला.

अंतराचा फरक किती, तर स्कायवे साडेतीन मैल आणि हा चार मैलांच्या थोडा वर. पण वर सिग्नल नाही आणि खाली सिग्नलशिवाय काही नाही.

चारशेचाळीस नंबरचा रस्ता जिथे मिळतो त्या सिग्नलला आम्ही तीन वेळा लाल बघितला. आमच्या दोन्ही बाजूंना कंटेनर. डावीकडच्याच्या चाकांची उंची माझ्या खिडकीएवढी. ब्रेक सोडला की हवेचा फुस्स आवाज यायचा आणि आमच्या मागे ठेवलेली स्टीलची पिंपं खणखणायची. अण्णा एकदम खुशीत. पंधरा दिवस ते घरात खिडकीशी बसून होते, कुणी दिसलं तर जॉगिंग करणारं. इथे प्रत्येक केबिनमध्ये एक ड्रायव्हर होता. पलीकडच्या पगडीवाल्या सरदारजीला त्यांनी हात केला. त्यानेही केला. मग काच खाली करून दोघांचं हिंदीत काहीतरी बोलणं झालं. हिरवा पडला म्हणून अर्धं राहिलं.

"काय म्हणाला?"

"विचारत हुता घर बदलताय का. गाद्या नीट बांधा म्हणाला."

पूल आला तसे त्याच्या दोन टोकांचे उंच मनोरे दिसले. ते कशाला, असं अण्णांनी विचारलं. मी सांगितलं, हा मधला तुकडा लिफ्टसारखा सरळ वर उचलतात, बोट गेली की खाली आणतात. म्हणजे खालच्या रस्त्याने जाणाऱ्याने बोटीसाठीही थांबायचं. उजव्या हाताला लांब स्कायवेची काळी कमान दिसत होती, आणि तिच्यावरून काड्यापेट्यांसारख्या कार सरकत होत्या. आमच्या बाजूला गोदामं, चासिसच्या रांगा, टायरवाले, कॉफीची एक टपरी. तेवढ्यात बायकोचा फोन, विमानतळापाशी पोचले, तुम्ही कुठे. "त्याच नंबरवर," मी म्हणालो.

एडिसनला सामान उतरवल्यावर चहा घेताना अण्णांनी विचारलं, अशा पाट्या अजून कुठल्या असतात. मी बोटं मोजली. बिझनेस, म्हणजे नवा हायवे बाहेरून गेला की गावातून जाणारा जुना रस्ता. ऑल्टरनेट, दोन वाटांपैकी दुसरी. बायपास. स्पर, जो हायवेपासून निघून एखाद्या गावाशी संपतो, परत येऊन मिळत नाही.

"म्हंजे फाटा," अण्णा म्हणाले. इतकी वर्षं मी स्परला मराठी शब्द शोधत होतो!

बिझनेस म्हणजे मात्र त्यांना पटेना. धंदा कशाचा? महिनाभराने मी त्यांना ट्रेंटनला घेऊन गेलो ते बऱ्याच अंशी याच प्रश्नापायी. न्यू जर्सीच्या या राजधानीच्या अलीकडे, लॉरेन्समध्ये, ब्रन्सविक सर्कलवरून तीनेक मैलांचा 'यूएस १ बिझनेस' जातो. मूळ नंबर फ्रीवेवरून सुसाट निघून डेलावेअर नदीवरच्या टोलच्या पुलाने पेनसिल्व्हेनियात उतरतो, तो पूल १९५२ चा. आतल्या रस्त्याला उरली पट्टी. कारण उघड आहे: पेट्रोलपंप, खाणावळी, मोटेल हे सगळं जुन्या रस्त्यावर. नंबरच काढून घेतला तर नकाशावरून गाव पुसल्यासारखं, मग बाहेरगावचा माणूस आत वळेल कशाला? म्हणून ढाल ठेवायची आणि वर लिहायचं, बाबांनो, दुकानं इकडे आहेत. आपल्याकडे बायपास झाला की आतल्या रस्त्याला लोक 'जुना हायवे' म्हणतात, पण ते तोंडी. इथे सरकारी पत्र्यावर लिहून देतात. मला हे आवडतं. पट्टी लावून गिऱ्हाईक येतंच असं नाही, हेही त्या रस्त्यावरची बंद शटरं बघून कळतं.

नदीवर टोलच्या पुलाशेजारी जुना लोखंडी पूल आहे. त्यावर घराएवढ्या अक्षरांत लिहिलंय, 'ट्रेंटन मेक्स, द वर्ल्ड टेक्स'. ट्रेंटन बनवतं, जग नेतं. एके काळी खरंच बनवायचं. न्यूयॉर्कमध्ये शिरताना यूएस १ ज्या जॉर्ज वॉशिंग्टन पुलावरून जातो, त्याचे तारदोर ट्रेंटनच्या रोब्लिंग कंपनीचे. म्हणजे ज्या गावाने या हायवेला हडसन नदी ओलांडून दिली, त्याच गावाला हायवेने वळसा घातला. अण्णांनी अक्षरांचा अर्थ विचारला, ऐकला आणि बराच वेळ पुलाच्या खालचं पाणी बघत राहिले. मग म्हणाले, "ओगलेवाडीला काचेचा कारखाना हुता." एवढंच.

ऑल्टरनेटचा अनुभव नंतर मेनला आला. अकेडिया नॅशनल पार्कला जाणारी मराठी मंडळी बँगरला उतरतात किंवा मुक्काम करतात, आणि तिथून एल्सवर्थला जाणारा जो रस्ता धरतात तो '१ए'. आमच्या गाडीतल्या निम्म्या लोकांना वाटत होतं की ए म्हणजे अ दर्जाचा, वरच्या प्रतीचा. प्रत्यक्षात मूळ १ खालून, किनाऱ्याच्या बाजूने बक्सपोर्टवरून येतो, आणि १ए स्टॉकटन स्प्रिंग्जला त्याला सोडून बँगरमार्गे आतून फिरून एल्सवर्थला परत भेटतो. तिकडे वर पट्टी लावायचा कंटाळा, आकड्यालाच अक्षर चिकटवतात. सुंदर म्हणाल तर किनाऱ्याचाच.

पण सांगायचं राहिलं ते त्या पहिल्या रात्रीचं. ट्रक रात्रीच परत करायचा होता, नाहीतर दुसऱ्या दिवसाचं भाडं. अण्णा दमले होते, तरी "एकटा कशाला जातोस" म्हणून पुन्हा उजवीकडे येऊन बसले. मागे आता फक्त दोन दोऱ्या आणि एक फाटकी चादर. नूअर्कपाशी दोन्ही वाटा फुटतात तिथे स्कायवे दिव्यांची माळ होऊन वर चढताना दिसला. त्यावर गाड्याच नव्हत्या जवळपास.

"रिकामाच हाय की. आता तरी वरनं घे," अण्णा म्हणाले.

"रिकामा झाला तरी ट्रकच, अण्णा."

त्यांनी थोडा विचार केला. "व्हय. रिकामी एस्टीबी स्टँडात घालायलाच लागती."

मी खाली वळवलं. चारशेचाळीसचा सिग्नल लाल होता.