पाला बदलला तरी काम तेच राहतं का?

आर्ते पोवेरा या १९६० च्या दशकातल्या इटालियन कलाचळवळीचा विषय निघाला की हा प्रश्न हमखास येतो: दगडाला बांधलेला लेट्यूस, म्हणजे सॅलडचा पाला, संग्रहालयवाले सारखा बदलतात, मग कलाकृती मूळची कशी?

हे काम जोव्हान्नी आन्सेल्मोचं, १९६८ चं. ग्रॅनाइटचा उभा ठोकळा, वरच्या टोकाशी त्याला टेकलेला छोटा ठोकळा, दोहोंच्या मध्ये ताजा लेट्यूस, भोवती आवळलेली तांब्याची तार. पाल्यातलं पाणी उडतं, तो आक्रसतो, तार सैल पडते आणि छोटा दगड खालच्या लाकडाच्या भुशावर येतो. तो पडायच्या आत पाला बदलायचा. प्लास्टिकचा पाला लावला तर दगड कधीच पडणार नाही, आणि काम तिथेच मेलं. आन्सेल्मोने घडवला तो ताण. तो दर वेळी नव्या पाल्याने खरा होतो, म्हणून काम मूळचंच.

‘पोवेरा’ म्हणजे गरीब, त्यामुळे स्वस्त सामानाची कला असा समज होतो. पण याच चळवळीतल्या यानिस कुनेलिसने १९६९ मध्ये रोमच्या लात्तिको गॅलरीत बारा जिवंत घोडे बांधले होते. त्यात स्वस्त काय? समीक्षक जेर्मानो चेलान्तने १९६७ मध्ये जेनोवाच्या ला बेर्तेस्का गॅलरीतल्या प्रदर्शनाला हे नाव दिलं, ते पोलिश नाट्यदिग्दर्शक ग्रोटोव्स्कीच्या ‘गरीब रंगभूमी’वरून. अनावश्यक ते काढून टाकायचं, हा त्याचा अर्थ.

तो सगळ्यात नीट कळतो याच चळवळीतल्या जुझेप्पे पेनोनेच्या झाडांत. कारखान्यात चौकोनी कापलेली तुळई घ्यायची. टोकाला दिसणाऱ्या वाढीच्या वलयांतलं एक निवडायचं आणि त्याच्या बाहेरचं लाकूड पटाशीने काढत जायचं. प्रत्येक गाठ म्हणजे एक फांदी. तिच्याभोवतीचं लाकूड काढायचं, गाठ ठेवायची. घाईत गाठ उडाली की फांदी कायमची गेली. मध्येच वलय चुकलं तर बुंधा एका वयाचा, शेंडा दुसऱ्याच. लंडनच्या टेट संग्रहालयातलं १९८०–८२ चं ‘बारा मीटरचं झाड’ असंच अमेरिकन लार्चच्या तुळईतून निघालंय. आतलं कोवळं झाड तिथे आधीपासून होतंच. पेनोनेने त्याच्यावर नंतर चढलेली वर्षं उतरवली.