आबांची छावणी शोधताना : माझा अनुभव

खान्देशातल्या बऱ्याच घरांत एवढंच ठाऊक असतं : 'आबा जर्मनीमा कैद व्हतात.' एरंडोलकडच्या अशाच एका घरासाठी मी कागदांचा माग काढला. छावणीचं नाव आधी शोधत बसू नका. आधी पलटण, मग ती कुठे आणि कधी शरण गेली ती तारीख. छावणी त्यामागून येते.

पलटण सापडते पदकावर. दुसऱ्या महायुद्धात हिंदी सैन्याला दिलेल्या वॉर मेडलच्या कडेवर शिपायाचा नंबर, हुद्दा, नाव आणि पलटण ठोकलेली असते. ताऱ्याच्या पदकांवर ती मागच्या बाजूला. चिंच-राखेने घासू नका, अक्षरं झिजतात. अंधारात टॉर्च आडवी धरून फोटो काढला की झिजलेलंही वाचता येतं.

आमच्या पदकावर मराठा लाइट इन्फंट्री होती, जोडीला आफ्रिका स्टार, म्हणजे आफ्रिकेतल्या लढाईचं ताऱ्याचं पदक. या पलटणीची दुसरी बटालियन 11व्या हिंदी ब्रिगेडबरोबर लिबियातल्या तोब्रुकला होती आणि 21 जून 1942 ला तोब्रुक पडलं तेव्हा कैद झाली. पकडणारा सेनापती जर्मन, रोमेल. पण आफ्रिकेतले कैदी इटलीच्या ताब्यात दिले जात. म्हणून पहिली छावणी इटलीत शोधायची. 8 सप्टेंबर 1943 ला इटलीची शरणागती जाहीर झाली आणि जर्मनांनी तिथले बरेच कैदी उचलून जर्मनीत नेले. काही हिंदी कैदी पुढे फ्रान्समधल्या एपिनालला गेले. 11 मे 1944 ला तिथे अमेरिकी बॉम्ब पडले, तेव्हा निसटून सुमारे 500 जण चालत स्वित्झर्लंडला पोचले. एका माणसाचे दोन कैदी नंबर निघाले तर घाबरू नका : एक इटालियन, एक जर्मन.

ट्रंकेत मधोमध भोकांची रांग असलेला पत्र्याचा आयताकृती तुकडा सापडला, तर जपा. तो कैद्याचा जर्मन बिल्ला. दोन्ही भागांवर तोच मजकूर असतो. कैदी मेला तर अर्धा तोडून घेत. त्यावरची 'स्टालाग' म्हणजे जिथे नोंदणी झाली ती छावणी. सुटका तिथूनच झाली असं धरू नका. इथे पुष्कळांचं चुकतं.

सिंगापूरला 15 फेब्रुवारी 1942 ला जपानच्या हाती सापडलेल्यांचं काम जास्त अवघड. जपानने युद्धकैद्यांबद्दलचा 1929 चा जिनिव्हा करार मंजूर केला नव्हता, त्यामुळे नोंदी तुटक आहेत.

मग जिनिव्हाच्या आंतरराष्ट्रीय रेडक्रॉसकडे अर्ज. ते अर्ज ठराविक काळातच आणि ठराविक संख्येपुरते घेतात, म्हणून माहिती आधी तयार ठेवा : नाव, वडिलांचं नाव, जन्मसाल, शिपाई नंबर, पलटण, पकडल्याची तारीख. माझा पहिला अर्ज वाया गेला, कारण मी जिल्हा 'जळगाव' लिहिला आणि आडनाव आजच्या पद्धतीने. 1906 ला खान्देशची फाळणी झाल्यापासून त्या काळच्या कागदांत 'ईस्ट खान्देश' किंवा 'वेस्ट खान्देश' असतं, आणि आडनाव पुष्कळदा नसतंच. झिपरू हे नाव इंग्रजीत कधी 'झेड'ने, कधी 'जे-एच'ने. धुडकूचं तर विचारूच नका. संभवतील ती सगळी स्पेलिंगं एकाच अर्जात द्या.

परत न आलेल्यांसाठी कॉमनवेल्थ वॉर ग्रेव्हज कमिशनची यादी फुकट पाहता येते. नावाने सापडलं नाही तर गावाच्या आणि तालुक्याच्या नावाने शोधा. हिंदी शिपायांच्या नोंदीत बऱ्याचदा 'अमुकचा मुलगा, अमुक गाव' एवढं लिहिलेलं असतं.