टाके काढायला आली होती

एप्रिलचा शेवटचा आठवडा होता. सकाळी साडेनऊलाच ड्रेसिंग रूममधला पंखा गरम हवा फिरवत होता. बाहेर बाकावर सात-आठ बाळंतिणी, प्रत्येकीमागे एक आजी, एक पिशवी आणि कान झाकलेलं बाळ. दिंडोरीकडून आलेली एक जण तिसऱ्या नंबरला आत आली. सिझरचा आठवा दिवस, फक्त टाके काढायचे. पोटावरची पट्टी पांढरीशुभ्र, चारही कडा घट्ट, डाग म्हणून नाही. सासूबाई कौतुकाने म्हणाल्या, "घरी गेल्यापासून कोणाचा हात लागू दिला नाही, सिस्टर." ते ऐकलं आणि मी ट्रॉलीवर टाके काढायच्या कात्रीशेजारी आर्टरी फोर्सेप्स (बोथट टोकाचा चिमटा) आणि कल्चरची, म्हणजे पूमधले जंतू तपासायची, बाटली काढून ठेवली.

पट्टीला हात लावण्याआधी विचारायचं असतं. दुखणं कालपेक्षा कमी की जास्त? दुखण्याची शेवटची गोळी कधी घेतली? अंगावरून जातंय त्याला वास येतो का? ती म्हणाली, "पाचव्या दिवशी सरळ चालत होते. कालपासून पुन्हा वाकून चालावं लागतंय. उजवीकडं ठणकतंय."

बाया टाक्यांबद्दल जे शब्द वापरतात त्यात अर्धं निदान असतं. 'ओढ लागते', 'खाज सुटते', 'वरचा भाग बधिर वाटतो' ही भरत आलेल्या जखमेची भाषा. छेद घेताना त्वचेच्या बारीक नसा कापल्या जातात, त्यामुळे टाक्यांच्या वरचा भाग काही महिने बधिर राहतो. त्यात घाबरण्यासारखं काही नाही. 'चुरचुरतं' म्हणाली तर बहुधा घाम किंवा चिकटपट्टीने सोललेली कातडी. पण 'ठणकतं' म्हणाली, आणि तेही एका जागेवर बोट ठेवून, तर आत काहीतरी साठलंय असं धरूनच पुढे जायचं. सिझरचं दुखणं रोज थोडं थोडं उतरायला हवं. उतरलेलं दुखणं पाचव्या-आठव्या दिवशी पुन्हा चढलं, तर पट्टी कितीही कोरडी असली तरी जखम नीट तपासावीच लागते.

ताप 99.2. सासूबाई निश्चिंत झाल्या. पण घरी पॅरासिटामॉल दिवसातून तीनदा चालू होती, शेवटची सकाळी सातला. गोळीखाली ताप दबतो आणि थर्मामीटर खोटं बोलतं. म्हणून मनगट धरून पूर्ण एक मिनिट नाडी मोजली. 112. ती आल्यापासून पंधरा मिनिटं बाकावर बसलेली होती, धावपळ नाही, रडणं नाही. शांत बसलेल्या बाळंतिणीची नाडी 100 च्या वर टिकून असेल तर त्याचं कारण शोधायचं असतं, 'उन्हातून आली असेल' म्हणून सोडायचं नसतं.

पट्टी काढली तर खालून कोंदट, आंबूस वास आला. पाण्यात फार वेळ राहिलेल्या बोटांसारखी कातडी पांढरी आणि सुरकुतलेली. चौथ्या दिवशी घरी जाताना आम्हीच नवीन वॉटरप्रूफ पट्टी लावून दिली होती. ती चार दिवस, एप्रिलच्या उन्हात, पोटाच्या घडीखाली तशीच होती. पट्टी बाहेरून पाणी आत जाऊ देत नव्हती आणि आतला घामही बाहेर पडू देत नव्हती. डावीकडची दोन तृतीयांश रेघ छान बारीक मिटलेली. उजव्या कोपऱ्याला तीन बोटं जागा चकचकीत, ताणलेली. सावळ्या कातडीवर पुस्तकातल्या फोटोसारखी लाली दिसत नाही. तिथे रंग नुसता गडद होतो आणि तेच फसवतं. म्हणून हाताची मागची बाजू लावून बघायची. डावीकडे अंगाइतकंच गरम, उजवीकडे स्पष्ट जास्त. खाली सुपारी ठेवल्यासारखं कडक. दाबलं तरी बाहेर थेंब नाही.

बॉलपेनने त्या गडद भागाच्या कडेकडेने रेघ ओढली, शेजारी 9.50 अशी वेळ लिहिली आणि डॉक्टर मॅडमना फोन केला.

मॅडमनी उजवीकडचे तीन टाके काढले आणि कडा बोथट टोकाने हळूच विलग केल्या. घट्ट, पिवळसर पू आला. साधारण तीस मिली. सासूबाईंनी पदर तोंडाला लावला. पेशंट मात्र म्हणाली, "हलकं वाटलं." खरंच वाटतं. कोंडलेला पू मोकळा झाला की ठणका तिथेच थांबतो, आणि अशा जखमेत मुख्य उपचार तोच असतो. नुसत्या गोळ्यांनी पूची पिशवी सुकत नाही, कारण पिशवीच्या आत रक्त पोचत नाही आणि रक्त नाही तिथे औषधही जात नाही. तीन-तीन आठवडे गोळ्या बदलत बसलेल्या बाया आम्ही पाहतो.

कल्चरसाठी वर ओघळलेला पू उपयोगाचा नसतो, त्यात कातडीवरचे जंतू येतात. पृष्ठभाग सलाईनने पुसायचा आणि खोलातला पू सिरिंजमध्ये घ्यायचा, तोही अँटिबायोटिकचा पहिला डोस जाण्याआधी. त्यानंतर सर्वात महत्त्वाची तपासणी: ग्लोव्ह घातलेलं बोट पोकळीत घालून तळ चाचपायचा. खालचं पांढरं, चिवट आवरण, म्हणजे रेक्टस शीथ, अखंड लागलं पाहिजे. लागलं. तिथे फट असती तर हे काम ड्रेसिंग रूमचं राहिलं नसतं, थेट ओटीत, म्हणजे ऑपरेशन थिएटरमध्ये, न्यावं लागलं असतं. अशी फट पडते तेव्हा ठणका-ताप काही नसताना एकाएकी पट्टी गुलाबी पाण्याने चिंब होते आणि बाई सांगते, 'खोकताना आत काहीतरी सुटलं.' त्या वाक्यानंतर तिला उठू द्यायचं नाही, जखमेवर सलाईनचं ओलं स्वच्छ कापड ठेवायचं, काही खायला द्यायचं नाही आणि डॉक्टरांना तिथेच बोलवायचं.

पोकळी कोमट सलाईनने धुतली, वीस मिलीच्या सिरिंजने, पाणी नितळ येईपर्यंत. हायड्रोजन पेरॉक्साइड ओतून फेस काढायची हौस अजून काहींना आहे, आणि तशीच बाटलीतलं बीटाडिन आत भरायचीही. दोन्ही नव्या कोवळ्या पेशी जाळतात. मग गॉजची एकच लांब पट्टी सलाईनमध्ये भिजवून, पिळून, सैल भरली आणि शेपूट बाहेर ठेवलं. छोटे तुकडे भरले की एखादा आत राहतो आणि महिन्याने पुन्हा पू. ठासून भरलं तर कडांचा रक्तपुरवठा दबतो. वरून कातडी आधी जुळू द्यायची नाही. जखम तळापासून भरून वर यायला हवी.

आता असं का झालं. सासूबाईंचं उत्तर तयार होतं: "वरण खाल्लं हिनं. वरणभातानं टाके पिकतात म्हणून सांगितलं होतं." वरणाने टाके पिकत नाहीत. उलट जखम भरायला प्रथिनं लागतात आणि या बाईचं हिमोग्लोबिन कमी, 8.6 होतं. मी आजींना स्वच्छ सांगितलं, वरण, मटकी, अंडं, शेंगदाणे, पालेभाजी सगळं रोज चालेल, पाणीही तोडायचं नाही.

केसपेपर उघडला तर खरी कारणं ओळीने दिसत होती. आदल्या संध्याकाळी पाणी गेलेलं, सिझर दुसऱ्या दिवशी दुपारी. मधे कळा आणि पाच वेळा आतून तपासणी. पाणी गेल्यावर योनीमार्गातले जंतू गर्भाशयापर्यंत चढायला वाट मोकळी होते आणि प्रत्येक तपासणी त्यांना थोडं वर ढकलते. वजन 84 किलो. कातडीखालच्या चरबीला रक्तपुरवठा कमी, तिथे थोडं रक्त किंवा पाणी साठलं की जंतूंना आयती जागा. चरबीचा थर दोन सेंटिमीटरपेक्षा जाड असेल तर तो वेगळ्या टाक्यांनी जुळवतात तो याचसाठी. तिचा जुळवलेला होता. सेफाझोलिन हे अँटिबायोटिक दोन ग्रॅम छेदाआधी वीस मिनिटं दिल्याची नोंद होती, तेही बरोबर. हा डोस छेदाच्या आधीच्या तासाभरात जायला हवा. कळा सुरू असताना किंवा पाणी गेल्यावर सिझर होतं तेव्हा सोबत अझिथ्रोमायसिन हे दुसरं अँटिबायोटिक 500 मिलिग्रॅम शिरेतून द्यावं, अशी शिफारस आहे. हेही दिलेलं होतं. केस ब्लेडने न काढता क्लिपरने कापलेले. म्हणजे ओटीत जमेल ते झालं होतं. तरीही धोका उरतोच, आणि तो उरतो म्हणूनच घरी गेल्यावर रोज कोणीतरी जखम बघायला हवी होती.

ते झालं नाही, आणि यात आमचाही वाटा आहे. जखमेच्या कडा साधारण 48 तासांत वरून मिटतात. त्यानंतर कोरड्या जखमेला पट्टीची गरज नसते. पण घरी जायच्या दिवशी गाडी खाली उभी, बाळ रडतंय, बिलाच्या खिडकीवर नवरा, अशा गडबडीत आम्ही 'आठव्या दिवशी या' एवढंच ठळक सांगितलं. नवऱ्याच्या द्राक्षबागेत खरड छाटणी चालू होती, त्यामुळे मधे गाडी काढून यायला सवड नव्हती. आशाताई सातव्या दिवशी घरी जाऊन आल्या. बाळाचं वजन, अंगाचं तापमान झालं. टाके कसे आहेत विचारलं, उत्तर मिळालं 'पट्टी कोरडी आहे'. पट्टी काढून पाहिली नाही.

घरचं बाकी विचारलं. बाजेखाली शेगडी, ओव्याची धुरी, पोटाला सुती लुगड्याचा आवळून पट्टा आणि परकराची नाडी बरोबर टाक्यांवर. पट्टा चालताना-खोकताना आधाराला सैलसर बांधला तर हरकत नाही. पण आवळून, आडवं पडल्यावरही, घामाने भिजलेला ठेवला तर घडीखाली दलदल होते. शेगडीचं मी कडक सांगते. बधिर कातडीला चटका कळत नाही, आणि तो धूर बाळाच्याही छातीत जातो. परकर नकोच, गाऊन बरा. आंघोळ रोज करायची, साबणाचं पाणी जखमेवरून नुसतं वाहू द्यायचं, घासायचं नाही, स्वच्छ सुती कापडाने टिपायचं. मग दहा मिनिटं उताणं पडून घडी वर उचलून हवा लागू द्यायची आणि घडीत धुतलेलं, उन्हात वाळवलेलं सुती फडकं ठेवायचं. ओलसर झालं की बदलायचं. हळद, तेल, टाल्कम पावडर, राख, काही नाही. पावडरचा घामात चिखल होतो.

"पण मला दिसतच नाही तिथलं," ती म्हणाली. हे अगदी खरं. बाळंतपणानंतर पोटाची घडी टाक्यांवर पडते, उभ्याने वाकूनही दिसत नाही. मी तिला मोबाईलचा पुढचा कॅमेरा लावून, आडवं पडून, एका हाताने घडी उचलून बघायला शिकवलं. रोज एकाच वेळी, आंघोळीनंतर. एक फोटो काढून ठेवायचा, म्हणजे कालच्याशी ताडता येतं. डोळ्यांना रोजचा फरक लक्षात राहत नाही.

तिला दाखल करून घेतलं. साखर तपासली, ठीक होती. अमॉक्सिसिलिन-क्लॅव्हुलॅनिक आम्ल हे अँटिबायोटिक शिरेतून सुरू केलं. ते अंगावर पाजत असतानाही चालतं. पाजणं तोडायची गरज नव्हती, फक्त बाळाला पोटावर न घेता कुशीवर झोपून किंवा काखेत धरून पाजायला सांगितलं. दुसऱ्या दिवशी सकाळी गडद कडा पेनच्या रेघेच्या अर्धा बोट आत सरकली होती, नाडी 92. रेघ ओलांडून रंग बाहेर गेला असता तर औषध बदलायचं किंवा आत आणखी एखादा कप्पा कोंडलाय का ते शोधायचं.

एक प्रकार मात्र दुसऱ्या दिवसाची वाट बघू देत नाही. पहिल्या 48 तासांतच रंग तासातासाला पसरतो, दिसण्याच्या मानाने वेदना भयंकर असतात, कातडी जांभळी-काळी पडते, फोड येतात, दाबल्यावर करकरतं, आतून भांडी धुतल्यासारखं गढूळ पाणी येतं. तिथे पेनने रेघ ओढून थांबायचं नाही, ताबडतोब ओटी. तसंच बाळंतीण गुंगीत बोलायला लागली, श्वास धापेसारखा झाला, लघवी कमी झाली, हातपाय गार पडले, तर जखम बघत बसायचं नाही. 108 ला फोन. खालून दुर्गंधी आणि ओटीपोटात दुखून ताप असेल तर संसर्ग नुसता टाक्यांत नसून गर्भाशयातही असू शकतो.

दाखल केल्यापासून तिसऱ्या दिवशी कल्चरचा रिपोर्ट आला: स्टॅफिलोकॉकस ऑरियस हा जंतू, चालू औषधाला दाद देणारा. पाचव्या दिवसापासून ड्रेसिंग दोनदाऐवजी एकदा. नवव्या दिवशी तळ डाळिंबाच्या दाण्यासारखा लालभडक, दाणेदार, गॉज लागताच टिपूस रक्त येणारा झाला. दुय्यम टाके, म्हणजे उघडी जखम पुन्हा शिवायचे टाके, घालायला असा तळ हवा. फिकट, बुळबुळीत तळावर घातलेले टाके पुन्हा उसवतात. मॅडमनी जागा बधिर करून चार टाके घातले.

घातल्यापासून बाराव्या दिवशी ते काढले. ती टेबलवरून उठायच्या आधी तिने सवयीने मोबाईल काढला, घडी उचलली, फोटो घेतला आणि सासूबाईंकडे फोन दिला. त्यांचा चष्मा घरी राहिला होता, म्हणून त्यांनी तो हातभर लांब धरून पाहिला, मग पदराने स्क्रीन पुसून पुन्हा पाहिला.