सुपातले नाव

गेल्या महिन्यात थोरल्या काकांच्या वर्षश्राद्धासाठी माझा चुलतभाऊ जळगावहून आला आणि नाशिककर म्हणून त्याला रामकुंडावर घेऊन जाण्याचे काम माझ्याकडे आले. विधी आटोपेपर्यंत दुपार झाली. तीर्थोपाध्यायांनी लाल फडक्यात बांधलेली नामावळीची जाडजूड वही सोडली, गाव आणि आडनाव विचारले, पाने उलटली आणि मग वडिलांचे नाव विचारले. भावाने मोठ्या आवाजात 'सुधाकर' असे सांगितले. उपाध्यायांचे बोट त्या पानावरून दोनदा खाली गेले आणि दोनदा रिकामेच वर आले. "घरात दुसऱ्या नावाने हाक मारत होते का?" असे त्यांनी विचारल्यावर भावाने आधी आजूबाजूला पाहिले आणि मग जवळजवळ कुजबुजत तो म्हणाला, "सुपडू." बोट लगेच थांबले. आमच्या आजोबांच्या मोडी वळणाच्या अक्षरात तिथे लिहिले होते : सोबत चि. सुपडू, वय वर्षे सात.

काकांना हे नाव कधीच आवडले नाही. शिक्षकाची नोकरी लागताच त्यांनी राजपत्रात जाहिरात देऊन 'सुधाकर' हे नाव घेतले, आणि 'सुधाकर म्हणजे चंद्र' हे ते भेटेल त्याला सांगत. कोणी थट्टा केलीच, तर ते आमच्याच गावातला दाखला तोंडावर फेकत : शिरवाडकरांचे जन्मनाव गजानन होते, दत्तक गेल्यावर ते विष्णु झाले आणि कविता लिहू लागल्यावर कुसुम या धाकट्या बहिणीचे अग्रज म्हणून कुसुमाग्रज झाले, त्यांना तीन नावे चालतात, मग मला दोन का चालू नयेत? या युक्तिवादाला आमच्याकडे उत्तर नव्हते. आजी मात्र शेवटपर्यंत त्यांना सुपडूच म्हणत राहिली, आणि तेही पाहुण्यांसमोर, अंगणातून मोठ्याने हाक मारून.

त्या नावाची हकीकत मी तिच्याकडूनच ऐकली होती. उन्हाळ्याच्या सुट्टीत दुपारी ती ओट्यावर बसून ज्वारी पाखडत असे. सुपाच्या प्रत्येक झटक्याबरोबर फोलपटे पुढे उडत, दाणे मागे सरकत आणि तिचे बोलणे त्या ठेक्यावर चाले. काकांच्या आधीची मुले जगली नव्हती. म्हणून हे मूल जन्मल्याबरोबर सुपात घालून दारासमोरच्या उकिरड्यापर्यंत नेले, मग शेजारणीला देऊन टाकले आणि सूपभर ज्वारीच्या बदल्यात तिच्याकडून परत विकत घेतले. हे घरातून झाडून काढलेले काहीतरी आहे, असे वाटून यमाने पुढच्या दाराला जावे, एवढाच त्यातला हेतू. केरू, उकिर्डा, भिका, दगडू ही सगळी त्याच युक्तीची भावंडे. नथूचेही तसेच : मुलाचे नाक टोचून त्याला मुलगी म्हणून खपवायचे.

नाक आले की नाशिककराला शूर्पणखा आठवतेच, कारण या गावाच्या नावाची लोकांना आवडणारी कथा तिच्या कापलेल्या नासिकेची आहे. नवशिखरांची दुसरी व्युत्पत्ती भारदस्त असूनही कोणी सांगत नाही. मला मात्र त्या दुपारी तिच्या नाकापेक्षा तिच्या नखांनी अडवले. शूर्प म्हणजे सूप. सुपासारखी नखे असलेली ती शूर्पणखा, आणि सुपात निजवलेला तो सुपडू. एकाच शब्दाने पंचवटीत एक राक्षसीण केली आणि खानदेशात एक शाळामास्तर, हे काकांच्या हयातीत माझ्या लक्षात आले नाही याचे मला अजून वाईट वाटते. ते चिडले असते, पण नंतर वर्गात त्यांनी हे नक्की सांगितले असते.

यमाला फसवण्याचा हा उद्योग काही एकट्या खानदेशाचा नाही. तुर्कस्तानात 'दुर्सुन' असे नाव असते, म्हणजे 'राहू दे'. यिद्दिश बोलणारे ज्यू दुखणाईत मुलाला 'आल्टर', म्हणजे म्हातारा, म्हणू लागत, म्हणजे न्यायला आलेल्याला पत्ता चुकल्यासारखे वाटावे. चिनी खेड्यांत तर 'कुत्र्याने उरवलेला' अशा अर्थाचे नाव ठेवत. पीटर हा ग्रीक भाषेतला शुद्ध दगड आहे, फक्त त्याला बायबलात मानाची जागा मिळाली आणि आमच्या दगडूला ती मिळाली नाही.

पण नावाच्या वाईट अर्थामागे नेहमी माया असते, असे मानायला मी धजावत नाही. तुर्की मुलींमध्ये 'येतेर' आहे, म्हणजे 'पुरे झाल्या', आणि आपल्याकडे 'नकोशी' आहे. 2011 साली साताऱ्यात अशा अडीचशेहून अधिक मुलींचे समारंभाने पुन्हा नामकरण झाले. ते नाव यमाला चकवायला ठेवलेले नव्हते. त्याचा अर्थ सरळ तोच होता.

बारशाला गेल्यावर 'नावाचा अर्थ काय हो?' असे विचारणाऱ्या माणसांचा मला पूर्वीपासून राग आहे, तेव्हा वहीत नव्या पिढीची नावे घालताना उपाध्यायांनी भावाच्या नातवाच्या नावाचा, रेयांशचा, अर्थ विचारला तेव्हा मी घाटाकडे तोंड केले. भावाने मोबाइल काढला. एका ठिकाणी विष्णूचा अंश असे होते, दुसऱ्या ठिकाणी सूर्याचा किरण. "दोन्ही चांगलेच आहेत," असे म्हणून उपाध्यायांनी नाव लिहिले आणि शाई वाळेपर्यंत वही उघडी ठेवली.

त्यामुळे मला आजोबांची नोंद पुन्हा वाचता आली. चि. सुपडू. त्याच्या वर कोणत्याही मुलाचे नाव नव्हते. त्या आधीच्या मुलांची बारशी झाली असणार, आणि अंगावर नवे कपडे घालून त्यांना चांगली, देवाची नावे ठेवली असणार. आजीला ती माहीत होती. तिने ती कधी उच्चारली नाहीत, आणि इतक्या उन्हाळ्यांत आमच्यापैकी कोणी तिला विचारलीही नाहीत.